अक्काबाईची हजेरी

इब्राहिम मुलाणीचं अक्षर इतकं देखणं होतं की वाचणारा मजकूर विसरून अक्षरच बघत बसे. उंबरओढ्याच्या ग्रामपंचायतीत तो कारकून म्हणून लागला तेव्हा त्याला मिसरूड फुटत होतं. आता दाढीत पांढरं दिसायला लागलं, तरी 'ठराव' हा शब्द काढताना अजून त्याची जीभ दातांत येई. गावातल्या जन्माची नोंद त्याच्या हातची, मरणाची त्याच्या हातची, रहिवासाचा दाखलाही त्याच्याच हातचा. ग्रामसेवकाकडं चार गावं; तो मंगळवारी निमगाव केतकीहून यायचा, शिक्के मारायचा, चहा प्यायचा आणि परतीची एसटी गाठायचा. उरलेले सहा दिवस पंचायत म्हणजे एक लोखंडी कपाट, एक टेबल, ओढ्याकडं उघडणारी एक खिडकी आणि इब्राहिम.

गावात मुसलमानांची घरं तीन. इब्राहिमच्या बापानं मरताना पोराला शेत दिलं नाही, कारण ते नव्हतंच. एक शिकवण दिली: "चारजण बोलत असतील तितं आपण ऐकायचं." इब्राहिमनं ती अशी पाळली की त्याचा आवाज कसा आहे हे गावातल्या निम्म्या लोकांना सांगता आलं नसतं. लग्नात वाढायला तो पुढं, मयतीला लाकडं आणायला पुढं, वादात कुठंच नाही. माणूस वाईट नव्हता. वाईट नसलं की आपोआप चांगलं होता येतं, असं तोही समजत होता आणि गावही तसंच समजत होतं.

आता या गावच्या ग्रामसभेची तऱ्हा सांगितली पाहिजे. कायद्यानं वर्षातून दोनदा तरी सगळ्या गावानं एकत्र बसावं, हिशेब विचारावा, अडचणी मांडाव्यात. उंबरओढ्यात मे महिन्यात एक आणि दिवाळीनंतर एक अशा दोन सभा होत, पण कागदावर. सांगावा धाडला तरी पाच टाळकी जमायची, त्यातली दोन नुसती सावलीला आलेली. मग दुसऱ्या दिवशी हजेरीचं बुक आणि शाईचा पॅड घेऊन इब्राहिम घरोघर हिंडायचा. "सभा झाली का रं?" "झाली. अंगठा द्या." माणूस गोठ्यातून हात पुसत यायचा, अंगठा उठवायचा आणि पुन्हा धारेला बसायचा. काय ठरलं हे कुणी विचारत नसे. काय ठरलं ते इब्राहिम रात्री जेवल्यावर ठरवायचा आणि लिहून काढायचा.

पुढं पुढं तेही हिंडणं त्याच्या जिवावर यायला लागलं. मळे लांब, कुत्री वाईट. मग लांबच्या नावांपुढं तो स्वतःचंच एकेक बोट टेकवू लागला. दहा बोटांची दहा माणसं. शुक्रवारी निमगावला नमाजाला जायच्या आधी तो हात घासघासून धुवायचा, तरी निळेपण जायचं नाही. "तुमी पंचायतीत काम करता का निळीच्या कारखान्यात?" असं जमीला, त्याची बायको, हसून विचारायची. नावं तो जुन्या यादीवरून उतरवायचा, म्हणून त्यात मेलेलेही राहून गेले होते, चांगले अकरा. ज्या हातानं त्यांचं मरण नोंदवलं, त्याच हातानं तो त्यांना सभेला हजर करायचा. मेलेल्यांचं एक बरं असतं, ते हरकत घेत नाहीत.

त्या अकरांत एक अक्काबाई होती.

अक्काबाई ओढ्यापलीकडच्या बौद्धवस्तीतली, कचरूची आई. एकोणनव्वद साली तालुक्याचा साहेब येणार म्हणून एक ग्रामसभा खरोखरची भरली होती. तिथं ही म्हातारी उठून उभी राहिली आणि म्हणाली, "ओढ्यावर फरशी टाका. आमच्या पोरांना शाळंला याया वाट न्हाय." तिला मोठा पूल नको होता. ओढ्यात सिमेंटचे नळे टाकून वर काँक्रीट ओतायचं, पावसाळ्यात पोरं कोरड्या पायानं यावीत, एवढीच फरशी. बापूसाहेब तेव्हा सरपंच होते. "बसा आक्का, बघू," ते गोड म्हणाले. साहेब गेल्यावर त्यांनी इब्राहिमच्या खांद्यावर हात ठेवला. "ते म्हातारीचं लिहू नको. लिव्हलं की उत्तर द्यावं लागतं." इब्राहिमनं लिहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी अक्काबाई खिडकीशी आली. "लिव्हलं का, इब्राहिमा?"

"व्हय, लिव्हलं."

तिला वाचता येत नव्हतं. खिडकीतून हात घालून तिनं बुकावर एकदा तळवा ठेवला आणि निघून गेली. मग दर सहा महिन्यांनी यायची, तेच विचारायची, तेच ऐकून जायची. एक्क्याण्णवच्या थंडीत ती वारली. इब्राहिमनं नोंद केली: वय सत्तर, कारण वार्धक्य. ती खिडकीशी येईनाशी झाली म्हणून त्याला बरं वाटलं, आणि बरं वाटलं म्हणून दोन दिवस जेवण गेलं नाही.

पुढं पंचायतीचा कायदा बदलला. बायकांना जागा आल्या. पंच्याण्णव साली बापूसाहेबांची बायको कौसल्या सरपंच झाली, म्हणजे सहीपुरती झाली. तालुक्याहून विचारणा यायला लागली की तुमच्या सभेत महिला बोलतात का? बापूसाहेब म्हणाले, "दोन-चार बायका बोलत्या कर कागदावर." इब्राहिम पेचात पडला. जिवंत बाई बोलली असं लिहावं, तर उद्या तिचा नवरा जाब विचारायला येणार. त्यानं यादीवरून बोट फिरवलं आणि ते अक्काबाईवर थांबलं. सहा वर्षांपूर्वी न लिहिलेलं वाक्य त्यानं त्या मे महिन्यात तिच्या नावावर लिहून टाकलं. ओढ्यावर फरशी व्हावी. घशात अडकलेला काटा निघाल्यासारखं त्याला झालं. दिवाळीनंतरच्या सभेतही त्यानं तिला बोलू दिलं, पुढच्या मे महिन्यातही. रेशन, वस्तीतले दिवे, पाण्याची टाकी, म्हातारी सगळ्यावर बोलायला लागली. चांगलं तिखट बोलायची. उरलेलं गाव सर्वानुमते मंजूर करायचं आणि अक्काबाईच्या बोलण्याखाली इब्राहिम दोनच शब्द लिहायचा: चर्चा झाली.

शहाण्णवच्या ऑगस्टमध्ये ओढ्याला अचानक पाणी आलं. कचरूची साक्षी, दुसरीतली पोरगी, शाळेतून घरी जाताना मधोमध पोचली होती. दोन दिवसांनी ती खालच्या बाभळींत सापडली. शोधणाऱ्यांत इब्राहिम होता, कमरेइतक्या चिखलात. तिच्याही मरणाची नोंद त्यानंच केली. अक्षर नेहमीसारखंच सुंदर आलं, याची त्याला त्या दिवशी पहिल्यांदा किळस वाटली.

त्या हिवाळ्यात लोंढे सर आले. बारामतीच्या कॉलेजात शिकवायचे, नाव बुद्धघोष. खेड्यांचा कारभार खेड्यांनी करावा, त्यातून माणसं बदलावीत आणि गावं शांततेनं नांदावीत, यावर दहा वर्षं लिहीत होते. इतर विद्वान पुण्यात बसून लिहितात. हे मोटारसायकलीवर गावोगाव फिरून ग्रामसभांची बुकं वाचत. पिंपळीची वाचली, पणदऱ्याची वाचली, मग उंबरओढ्याला चार दिवस ठाण मांडलं. त्यांचं म्हणणं मोठं वेगळं होतं. इब्राहिमला चहा पिताना त्यांनी ते समजावलं. "मुलाणीभाऊ, ज्या गावच्या सभेत वाद होत नाही, तिथं शांतता नसते, सामसूम असते. दोन्ही लांबून सारखीच दिसतात. मी बुकात काय शोधतो माहितीय? हरकत. कुणी 'नाही' म्हणालं का, एवढंच." मग अक्काबाईच्या पानावर बोट ठेवून ते खुलले. "ही बाई बघा! तुमच्या गावात शांतता असेल तर ती या एका बाईमुळं आहे."

इब्राहिमनं कपबशा विसळायला उचलल्या. चारजण बोलत असतील तितं आपण ऐकायचं.

फेब्रुवारीत सरांचा लेख बारामतीच्या एका साप्ताहिकात आला. त्यात लिहिलं होतं की उंबरओढ्याच्या अक्काबाई नावाच्या स्त्रीनं पंच्याण्णवच्या दिवाळीनंतरच्या ग्रामसभेत बजावलं होतं, फरशी करा नाहीतर ओढा लेकरू नेईल. सभेनं ऐकलं आणि दुसऱ्या विषयाकडं वळली. पुढच्याच पावसाळ्यात ओढ्यानं एक मुलगी नेली. ज्या गावाला ऐकू येतं पण हलता येत नाही, त्या गावाला स्वराज्य मिळून काय उपयोग, असा लेखाचा शेवट होता.

विहारात कुणीतरी तो मोठ्यानं वाचला. मंदा, साक्षीची आई, भिंतीला टेकून ऐकत होती. वाचून झाल्यावर ती एवढंच म्हणाली, "माझी सासू मरून चार वर्सं झाली हुती तवा."

इथून पुढं जे झालं ते या गावालाच सुचावं. कुणीही शहाणा माणूस म्हणाला असता की कागद खोटा. पण कागद खोटा म्हणायचं, तर सभा झाली नाही असं म्हणावं लागणार. सभा झाली नाही, तर हजेरीपुढचा आपला अंगठा कुठून आला? आणि अंगठा तर प्रत्येकाचा होता. तेव्हा सकाळी दूध घालायला आलेल्या रामहरीनं डेअरीच्या ओट्यावर सांगून टाकलं, "व्हती की म्हातारी. मागं बसली हुती." दुसरा म्हणाला, "मला बी वाटलं, ही कशी काय?" तिसऱ्यानं हिरवं लुगडं सांगितलं. चौथ्याला तिचा खोकला ऐकू आला होता. आठवड्याभरात अर्ध्या गावानं अक्काबाईला त्या सभेत पाहिलं होतं, आणि ज्यांनी पाहिलं नव्हतं ते गप्प राहिले, कारण आपल्यालाच कशी दिसली नाही याची त्यांना धास्ती वाटली. स्वतःचा अंगठा वाचवायला गावानं एक भूत उभं केलं, आणि मग त्याच भुताला भिऊन लोक दिवसाढवळ्या ओढा एकट्यानं ओलांडेनात.

इब्राहिमनं डेअरीवर हे ऐकलं आणि दुधाची किटली तशीच उचलून तो पंचायतीत आला. कपाट उघडून पंच्याण्णवचं बुक काढलं. अक्षर त्याचंच होतं, वाक्य समोर होतं. येत्या पावसाळ्यात ओढा एक लेकरू नेईल. त्यानं ते चारदा वाचलं. फरशीचं लिहिलेलं त्याला आठवत होतं, दिव्यांचं आठवत होतं. हे वाक्य लिहिल्याचं आठवत नव्हतं. लिहिताना घरात कोण होतं, दिवा कुठं होता, काही म्हणजे काही नाही. त्यानं बुक मिटलं.

एप्रिलमध्ये उन्हानं गाव ओसाड पडतं. दुपारी बारा ते चार रस्त्यावर कुत्रं दिसत नाही, आणि जुनी माणसं सांगतात की मध्यरात्र आणि भरदुपार यांच्यात भुतं फरक करत नाहीत. खिडकीतून कोरडा ओढा दिसायचा, पांढरे गोटे, मधोमध वाळूची पट्टी. एका दुपारी इब्राहिमला खिडकीखाली खोकला ऐकू आला. बायकी, दमेकरी खोकला. तो उठला नाही. पुन्हा आला. मग मिसरीचा वास आला, भाजलेल्या तंबाखूचा, अक्काबाई दातांना लावायची तसला. त्यानं डोळे मिटून कुराणातली आयत म्हणायला घेतली आणि पहिल्या ओळीनंतर ती विसरला. लहानपणापासून पाठ असलेली आयत.

दारात सावली पडली. त्याच्या तोंडून किंकाळीसारखं काहीतरी निघालं. लोंढे सर होते. घामानं भिजलेले, चेहरा उतरलेला.

"खिडकीखाली कोण हाय का?" इब्राहिमनं विचारलं.

सरांनी वाकून बघितलं. "कुणी नाही."

ते बाकावर बसले. बराच वेळ टोपीनं वारा घेत राहिले. "मंदाताई मला भेटायला बारामतीला आल्या होत्या," ते म्हणाले. "त्यांनी सांगितल्यावर मी तुमचं मृत्यूचं रजिस्टर मागवून बघायला हवं होतं. तुमचा चेहरा बघितल्यावर त्याची गरज उरली नाही. तुम्ही सांगाच. अक्काबाई कधी गेल्या?"

"एक्क्याण्णव."

"आणि नोंद कुणी केली?"

इब्राहिमनं निळी बोटं टेबलाखाली घेतली.

"मुलाणीभाऊ, मी दहा वर्षं या बुकांवर विश्वास ठेवून लिहिलं. ते फाडून टाकायची तयारी आहे माझी. चूक माझी, मी कागद बघितला, माणूस बघितला नाही. पण ती बाई मला काय म्हणाली ऐका. ती म्हणाली, सर, माझी सासू भूत होऊन आली का नाही ते मला नको. माझ्या पोरीसाठी कुणीतरी बोललं होतं, आणि गावानं ऐकून सोडून दिलं, हे खरं का खोटं एवढंच सांगा. खरं असेल तर मी या गावात राहणार नाही. कचरू तर रोज मागच्या दाराशी तांब्या भरून ठेवतोय, आई येते म्हणून." सर उठले. "एक मेला सभा आहे. मंदाताई पंच्याण्णवच्या त्या सभेचं इतिवृत्त वाचायला सांगणार आहेत. वाचायचं तुम्हालाच आहे."

ते गेल्यावर इब्राहिम तडक बापूसाहेबांकडं गेला. त्यांनी त्याला पाट दिला, ताक दिलं. सगळं ऐकून घेतलं. मग शांतपणे म्हणाले, "हे बघ इब्राहिम, म्हातारी आली हुती म्हण. गाव म्हणतंयच. भुताची चौकशी होत न्हाय, कागदाची होती. कागदाची झाली तर पहिला तू जाशील, आणि तुझ्या मागनं अंगठं देणारं समदं गाव. बावीस वर्सांची नोकरी हाय तुझी. तीन घरं हायती तुमची हितं."

शेवटचं वाक्य त्यांनी धमकीनं म्हटलं नाही, काळजीनं म्हटलं. इब्राहिमला काळजीचीच जास्त भीती वाटली.

घरी जमीलानं सगळं ऐकलं. ती भाकरी थापत होती, थापतच राहिली. "लोक म्हणत्यात ती आली हुती," इब्राहिम म्हणाला. "मला बी आता वाटाया लागलंय. ते वाक्य मी लिव्हलंच न्हाय, जमीला. माझा हात हुता, मी नव्हतो."

"मंग कोण हुतं?"

"तीच असंल."

जमीलानं भाकरी तव्यावर टाकली. "मेलेल्या बाईवर किती वजं टाकाल?" ती म्हणाली. त्या दिवशी तिनं निळीवरून चेष्टाही केली नाही.

एक मे सत्त्याण्णव. सकाळी झेंडा झाला आणि साडेअकराला शाळेच्या पटांगणात, कडुलिंबाखाली ग्रामसभा बसली. उंबरओढ्यानं एवढी सभा जन्मात पाहिली नव्हती. दोन-अडीचशे माणूस होतं, बायका वेगळ्या. स्वराज्यासाठी कुणी आलं नव्हतं, मेलेली बाई येते का बघायला आले होते. दाटीवाटी होती, मांडीला मांडी लागत होती. पण बायकांच्या शेवटच्या रांगेत एका बाईपुरती जागा रिकामी होती. कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. येणारी प्रत्येकजण तिला वळसा घालून बसत होती. खेळणारी पोरंसुद्धा तिथून धावत नव्हती. ऊन पानांतून गळत होतं, आणि इब्राहिमला टेबलामागून दिसत होतं की त्या जागेवर मात्र उन्हाचा एक ठिपका पडलेला नाही. त्यानं मान फिरवली.

मंदा सगळ्यांत शेवटी आली. ती सरळ जाऊन त्या रिकाम्या जागेला लागून बसली. लोंढे सर भिंतीपाशी उभे होते. त्यांच्या हातात वही नव्हती.

कौसल्याबाईंनी नवऱ्याकडं बघून सभा सुरू झाल्याचं सांगितलं. इब्राहिम उठला. "विषय क्रमांक एक. मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करणे." हे वाक्य त्यानं बावीस वर्षं लिहिलं होतं, म्हटलं आज पहिल्यांदा. त्याचा आवाज ऐकून दोनचार जणांनी चमकून बघितलं.

"मागचं नगं," मंदा बसल्या जागेवरून म्हणाली. "पंच्याण्णवच्या दिवाळीनंतरचं वाचा."

बापूसाहेबांनी मानेनं हो म्हटलं. इब्राहिमनं पान उघडलं.

"श्रीमती अक्काबाई यांनी सांगितले की पावसाळ्यात ओढ्यात पोरांच्या कमरेइतके पाणी असते. दप्तर डोक्यावर घेऊन पोरे येतात. आपण हे पुन्हा पुन्हा सांगत आहोत. फरशी झाली नाही तर येत्या पावसाळ्यात ओढा एक लेकरू नेईल. मग त्या लेकराच्या आईला काय सांगायचे, ते या सभेने आजच ठरवून ठेवावे. चर्चा झाली."

एक म्हातारी तोंडाला पदर लावून रडायला लागली. पुढच्या रांगेतल्या दोघांनी मागं वळून रिकाम्या जागेकडं बघितलं आणि घाईनं माना पुढं केल्या.

मंदा उभी राहिली. "माझी सासू हितं बसून हे बोलली, असं समदं गाव म्हणतंय. कुनी कुनी ऐकलं त्यांनी हात वर करा."

कुणी हात वर करेना. मग रामहरीनं शेजाऱ्याकडं बघत अर्धा हात वर केला. त्याचं बघून दुसऱ्यानं केला. मग एकेक करत हात वर जायला लागले, नेहमी ठरावाला जातात तसेच, दुसऱ्याचा गेला म्हणून आपला. वीस, तीस, पन्नास. कुणी मंदाकडं बघत नव्हतं. आणि पुरुषांच्या कडेला, धोतराच्या सोग्यानं डोळे पुसत, कचरूनंही हात वर केला. "आली हुती आई," तो म्हणाला. "मी बघितली. माझ्या पोरीसाठी आली हुती."

मंदा नवऱ्याकडं बघत राहिली. "तुमी बी ऐकलं?" ती म्हणाली. "ऐकलं, आन् पोरीला त्याच वाटंनं धाडली?"

कचरूचा हात वरच राहिला, खाली घ्यायचं भानही त्याला उरलं नव्हतं. इब्राहिमला ते बघवेना. भुताला तो भीत होता, नोकरीला भीत होता, बापूसाहेबांच्या काळजीला भीत होता. पण एका बापानं आपल्या न केलेल्या पापाला सगळ्यांसमोर हात वर करावा, हे त्याच्यानं सोसलं नाही.

"हात खाली घ्या, कचरूभाऊ," तो म्हणाला. "कुनी काय ऐकलं न्हाय. त्या दिवशी सभाच झाली न्हाय."

बापूसाहेब उठायला लागले. कौसल्याबाईंनी त्यांच्या बाहीला धरलं. त्यांनी असं का केलं, त्यांनाच ठाऊक.

"सभाच झाली न्हाय," इब्राहिम मोठ्यानं म्हणाला. आता थांबणं त्याच्या हातात नव्हतं. "मी घरी बसून लिव्हलं. काय अंगठे तुमचे, काय माझे. आक्काचा माझा. आक्का आली न्हाय, बसली न्हाय, बोलली न्हाय. कचरूभाऊ, तुमच्या पोरीसाठी हितं कुनी बी बोललं न्हाय. तुमी ऐकून सोडलं नव्हतं. तुमाला कुनी सांगितलंच नव्हतं."

कचरूचा हात हळूहळू खाली आला. पटांगणात कुजबूज उठली आणि विझली. मंदा रांगांमधून वाट काढत टेबलापाशी आली. बायका सरकून तिला वाट देत होत्या.

"मंग तुमाला कसं ठावं?" तिनं विचारलं. "लेकरू जाणार म्हणून तुमी नऊ म्हैनं आधी लिव्हलं. तुमाला कुनी सांगितलं?"

इब्राहिमनं तोंड उघडलं. मला आठवत नाही, म्हणायचं होतं. हात माझा होता, मी नव्हतो, म्हणायचं होतं. पण तिच्या डोळ्यांकडं बघून ते ओठांवर येईना. आणि खरं म्हणजे, आता इथं उभं राहिल्यावर, त्याला आठवायला लागलं होतं. जेवण झालं होतं. जमीला भांडी घासत होती. त्यानं ते वाक्य एका दमात, न थांबता लिहिलं होतं, आणि लिहून झाल्यावर त्याला छान वाटलं होतं.

"कुनी न्हाय," तो म्हणाला. "माझ्या टेबलाजवळ खिडकी हाय. रोज सकाळी पोरं वलांडताना दिसायची. पानी किती, पाय कुठं सरकतो, समदं दिसायचं. साक्षी दोनदा पडलेली बघितली मी. आज ना उद्या व्हणार हे मला दिसत हुतं."

"मंग?"

"मला बोलाया भ्या वाटलं. आक्काच्या नावानं लिव्हलं म्हंजी मला कुनी काय म्हणणार न्हाय."

मंदा टेबलाशी आणखी एक पाऊल सरकली. ती ओरडेल, मारेल, बुक फाडेल असं त्याला वाटत होतं आणि तसं व्हावं असंही वाटत होतं. तिनं बुकाकडं बघितलंही नाही.

"सासू मेली हुती, भाऊ," ती म्हणाली. "तुमी तर जित्ते हुता."

मग तिनं कचरूच्या दंडाला धरून त्याला उठवलं आणि दोघं शाळेच्या फाटकातून ओढ्याकडं निघून गेली. सभा तहकूब झाली असं कुणी म्हणालं नाही. इब्राहिम टेबलापाशी उभा होता. मागच्या रिकाम्या जागेकडं आता कुणी वळून बघत नव्हतं. अडीचशे माणसं त्याच्याकडं बघत होती, आणि पुढं बसलेल्यांनी आपापली पोरं हळूच जवळ ओढून घेतली होती.